चित्रं सांगणारी आल्विना

पुढे पुढे जर्मनीतल्या बार्मेन गावात आल्विना डालहाउसला ओळखत नाही असा माणूस शोधावा लागे. पण वयाच्या चौतिसाव्या वर्षापर्यंत तिला ओळखणारे फार तर चाळीसजण असतील. गल्लीतले, फितीच्या कारखान्यातले आणि प्रार्थना-मंडळीतले. कारखान्यात ती मागासाठी सुताच्या कांड्या भरायची. दिवसभर यंत्राच्या फिरत्या चात्यांच्या खडखडाटात उभं राहायचं, तुटलेला धागा हेरायचा, गाठ मारायची आणि पुढे सरकायचं. त्या आवाजात कुणाशी बोलायचं तर छातीतून, सावकाश, एकेक शब्द सुटा करून बोलावं लागे. तिथल्या सगळ्याच बायकांना ती सवय लागे. आल्विनाला मात्र त्या सवयीपायी घरी बोलणी खावी लागत.

"हळू बोल," एवाल्ड म्हणायचा. "या घरात कुणी बहिरं नाही."

एवाल्ड तिचा नवरा. घरातच त्याचा फिती विणायचा माग होता. अर्धी खोली मागाची आणि उरलेली माणसांची. माणूस कष्टाळू, अबोल, देवाला भिणारा. लग्नाला बारा वर्षं झाली तरी मूल झालं नव्हतं. मंडळीतल्या बायका त्यासाठी मोठ्याने प्रार्थना करत आणि प्रार्थनेतच दोन टोमणे बसवून घेत. घरातलं तिसरं माणूस म्हणजे एवाल्डची आई, योहान्ना. चाळीस वर्षं दिव्याजवळ बसून तिनं नक्षीच्या फिती विणल्या आणि डोळे त्यात गेले. आता उजेड आणि अंधार एवढाच फरक कळे. जीभ मात्र दिवसेंदिवस तीक्ष्ण होत चालली होती.

शनिवारी कारखाना पाचला सुटे. मग आल्विना सासूला हाताला धरून डोळ्यांत औषध घालायला दवाखान्यात घेऊन जाई. औषधाने काही होणार नव्हतं हे दोघींना ठाऊक होतं, पण तेवढंच घराबाहेर पडणं. १९११ च्या मार्चमध्ये अशाच परतताना अचानक गारा पडायला लागल्या. आल्विनाने सासूला ओढत जवळच्या दारात नेलं.

"कुठे आलो आपण?" म्हातारीने विचारलं.

"टोप्यांच्या दुकानात, आई."

"टोप्यांच्या दुकानात पियानो कोण वाजवतंय?"

टोप्यांचं दुकान बंद होऊन वर्ष झालं होतं. तिथे पोलिग नावाच्या माणसानं भिंतीला पांढरं कापड लावून, बाकं टाकून चित्रपट दाखवायला सुरुवात केली होती. लोक त्याला किन्टॉप म्हणत. मंडळीतले लोक त्याचं नावच घेत नसत. आल्विना दारातच अवघडून उभी राहिली. तिकिटाच्या खिडकीतून पोलिगने डोकं बाहेर काढलं.

"आत बसा की आजी. दहा फेनिग माणशी."

"मला दिसत नाही," म्हातारी म्हणाली.

"मग तुमचे पाच."

योहान्नाने एप्रनच्या खिशातली पैशांची पुरचुंडी काढली. "पाच दिलेत तर पाचाचं मिळालं पाहिजे. आल्विना, तू बघ आणि मला सांग. काही गाळायचं नाही."

आत अंधारात दोघी शेवटच्या बाकावर बसल्या. कापडाशेजारी श्नाबेल नावाचा माणूस हातात काठी घेऊन उभा होता. पूर्वी तो जत्रेत तंबूबाहेर ओरडून गिऱ्हाईक गोळा करायचा, आता इथे चित्रं समजावून सांगायचा. पडद्यावर मुलींच्या वसतिगृहाची उंच भिंत होती आणि भावाची विजार घातलेली एक मुलगी तिच्यावर चढत होती.

"पाहा मंडळी, दावं तोडून निघालेली शेळी!" श्नाबेल काठी आपटून म्हणाला. पुरुष हसले.

"कसली शेळी?" योहान्नाने विचारलं.

"शेळी नाही, आई. मुलगी आहे, सतरा-अठरा वर्षांची. विजार मोठी होतेय, एका हाताने धरलीय. दुसऱ्या हाताने भिंत पकडलीय. बोटं थरथरतायत, पण खाली बघत नाही. आता वर पोचली. बसली भिंतीवर. टोपी काढली आणि केस मोकळे सोडले. हसतेय."

"कुणाकडे बघून?"

"कुणाकडेच नाही. आपली आपणच."

आल्विनाला वाटलं आपण कुजबुजतोय. पण तिची कुजबुज चात्यांच्या खडखडाटात तयार झालेली. पुढच्या बाकावरची बाई वळून बघायला लागली, तशी ती ओशाळून थांबली. "थांबू नका हो," ती बाई म्हणाली. "मला चष्मा नाही."

पुढच्या शनिवारी औषध घालायला म्हातारी स्वतःच तासभर आधी तयार होऊन बसली. तिसऱ्या शनिवारी शेवटच्या बाकाभोवती जागा मिळेना. चौथ्या शनिवारी कुणीतरी मधूनच ओरडलं, "श्नाबेल, जरा दम खा. आम्हाला बाईंचं ऐकू येत नाही." श्नाबेलनं काठी बगलेत मारली, टोपी घातली आणि तो जो गेला तो परत आला नाही. पलीकडे एल्बरफेल्डमध्ये त्याला दुसरं किन्टॉप मिळालं म्हणतात.

पोलिग दारात हात जोडूनच उभा होता. "डालहाउसबाई, बुधवार आणि शनिवार. तुम्ही पुढे येऊन सांगायचं. श्नाबेलला देत होतो तेच देईन."

"मी? सगळ्यांसमोर?"

"अंधारच असतो की. तुम्हाला कोण बघतंय?"

त्याच दिवशी जेवताना आल्विनाने एवाल्डला सगळं सांगून टाकलं. लपवायचं म्हटलं असतं तरी तिला जमलं नसतं, आवाजच तसा. एवाल्डच्या हातात काळ्या ब्रेडचा तुकडा होता, तो हातातच राहिला.

"बाईमाणसानं परक्यांपुढे उभं राहून बोलायचं? मंडळीतसुद्धा बायका बोलत नाहीत. बायबलात पौलाने लिहिलंय तसं."

"मंडळीत गप्प बसा असं लिहिलंय," योहान्ना म्हणाली. "टोप्यांच्या दुकानाबद्दल पौलाने काही लिहिलेलं नाही."

"आई, तू यात पडू नकोस. तुला काय माहीत तिथे काय चालतं?"

"मला नाही तर कुणाला? चार शनिवार जातेय."

एवाल्डने ब्रेड खाली ठेवला. आईकडे बघितलं, बायकोकडे बघितलं. वयाच्या सोळाव्या वर्षी त्यानं मंडळीसमोर शपथ घेतली होती की नाटकाच्या, नाचाच्या, तमाशाच्या जागी पाऊल टाकणार नाही, आणि ती पाळलीही होती. तो उठून मागावर जाऊन बसला, पण माग चालू झाला नाही. झोपायच्या वेळी फक्त एवढंच म्हणाला, "मी हो म्हणालो नाही." आल्विना म्हणाली, "नाहीही म्हणाला नाहीस." बुधवारी ती निघाली तेव्हा त्यानं टोपी घातली आणि तिच्याबरोबर चालायला लागला. किन्टॉपच्या दारापर्यंत सोडलं आणि स्वतः रस्त्यापलीकडे, डोक्यावरच्या रुळाला लटकत धावणाऱ्या रेल्वेच्या लोखंडी खांबाला टेकून उभा राहिला. खेळ संपेपर्यंत तिथेच. पुढे वर्षानुवर्षं त्याचा हाच नेम झाला. आत मात्र त्यानं कधी डोकावलं नाही.

आल्विना काठी वापरत नसे. कापडाच्या डाव्या अंगाला उभी राहायची, हात एप्रनखाली. पडद्यावर बाई दार उघडून आत आली की ती आधी त्या बाईच्या हातांबद्दल सांगायची. हातमोजे काढतेय की नाही, पिशवी कुठे ठेवतेय, कुणाच्या नजरेला नजर देत नाही. कारखान्यात बारा वर्षं ओठ आणि हात बघूनच माणसं ओळखलेली, त्यामुळे मुकी चित्रं तिला फारशी मुकी वाटत नसत. बायका पुढच्या बाकांवर येऊन बसायला लागल्या. कांड्या भरणाऱ्या, धुणावळी, रंगाऱ्यांच्या बायका. काही जणी मांडीवर विणकाम घेऊन यायच्या.

शरद ऋतूत बर्लिनहून एक मोठं चित्र आलं. एका वकिलाची बायको गाण्यासाठी घर सोडते. ज्याच्या भरवशावर सोडते तो पाठ फिरवतो. मग थंडीत भटकते, शेवटी पुलावर येते आणि पाण्यात उडी घेते. आल्विनाने ते जसं होतं तसं सांगितलं. खेळ सुटला की बायका नाकाला रुमाल लावून, एकमेकींशी न बोलता घरी जात. पोलिग खूश होता. रडण्याला गर्दी होते, असा त्याचा अनुभव.

दुसऱ्या आठवड्यात दारापाशी मिना श्टुकमान थांबली. मिना आल्विनाच्याच कारखान्यात होती. वय सव्वीस. नवरा पिऊन मारायचा म्हणून दोन वर्षांपूर्वी घर सोडून ती एकटीच भाड्याच्या खोलीत राहात होती आणि गावानं तिच्या नावाचा चघळून चघळून चोथा केला होता.

"डालहाउसबाई, एक विचारू? या घर सोडणाऱ्या बायका शेवटी नेहमी मरतात का?"

"चित्रात तसं आहे गं."

"मला दोन वर्षं झाली घर सोडून. मेले नाही. साधी सर्दीसुद्धा झाली नाही."

घरी जाताना वाटेत आल्विना नेहमीच्या पुलावर थांबली. खाली वुपर वाहात होती. काठावरच्या सूत रंगवणाऱ्या कारखान्यांनी त्या दिवशी निळा रंग सोडला होता. आमच्या नदीचं असंच आहे, सोमवारी लाल, बुधवारी निळी, आणि पाणी बहुतेक ठिकाणी गुडघ्याएवढं. एवाल्डने विचारलं, "काय बघतेस?" ती म्हणाली, "पाण्याची खोली."

पुढच्या बुधवारी ती बाई पडद्यावर पुलाकडे चालायला लागली आणि पियानो वाजवणाऱ्या म्हाताऱ्या बाईने, फ्रॉयलाइन वेबरने, रडकी सुरावट धरली. तेव्हा आल्विना म्हणाली, "हे चित्र बर्लिनच्या लोकांनी काढलंय. तिथल्या नद्या खोल असतील. आमच्या वुपरमध्ये उडी मारली तर माणूस मरत नाही, रंगतो." बाकांवर हालचाल झाली. "उडी मारली बाईनं. बसली पाण्यात. परकर निळा, पायमोजे निळे. आता किती वेळ बसणार? थंडी आहे. उठली. परकर पिळला. पलीकडच्या काठावर धुणावळ उभी आहे. ती विचारतेय, काय गं, काम येतं का? बाई म्हणते, गाणं येतं. गाणं असू दे, इस्त्री येते का? येत नाही, शिकेन."

कुणीतरी खुदकन हसलं. मग मागच्या बाकावरून मिनाचं हसू ऐकू आलं आणि ते थांबेचना. पडद्यावर बाई केव्हाच बुडाली होती, तिथे रिकामं पाणी दिसत होतं. फ्रॉयलाइन वेबरने सुरावट मध्येच सोडली आणि नाचाचा वॉल्ट्झ वाजवायला घेतला.

गावात ही गोष्ट पोचायला एक दिवस पुरला. रविवारी दुपारी मंडळीचे वडीलधारे बंधू हाल्बाख कॉफीला आले. टेबलावर वॅफल होते, दालचिनी घातलेला दूधभात होता, कथलाच्या तीन पायांच्या किटलीच्या तोटीतून कॉफी थेंबथेंब गळत होती. हाल्बाखनी दोन वॅफल शांतपणे खाल्ले, मग तोंड पुसलं.

"एवाल्ड, तुझी बायको लोकांना सांगते की घर सोडणारी बाई सुखाने जगते."

"सुखाने म्हणाले नाही," आल्विना म्हणाली. "इस्त्री करते म्हणाले."

"मी एवाल्डशी बोलतोय."

एवाल्ड कपाकडे बघत होता. हाल्बाखचा मेहुणा त्याला विणायला सूत द्यायचा, हे टेबलावरच्या सगळ्यांना माहीत होतं. एवाल्ड म्हणाला, "बंधू, शब्द तिचे आहेत. उत्तरही तीच देईल."

"ठीक आहे. डालहाउसबाई, तो शेवट म्हणजे धडा होता. तो तुम्ही मोडलात."

"बाई मेलीच पाहिजे होती का, बंधू?"

हाल्बाख म्हणाले, एकतर हे बंद करा, नाहीतर मंडळीच्या यादीतून तुमचं नाव काढावं लागेल. त्या मंडळीत आल्विना लहानाची मोठी झाली होती. तिची आई तिथल्याच गाण्यांच्या आवाजात पुरली गेली होती. तिनं हाल्बाखचा कप पुन्हा भरला. मग म्हणाली, "बुधवारी मी पोलिगकडे आहे."

"आणखी एक वॅफल घ्या, बंधू," योहान्ना म्हणाली. "वाटेत भूक लागेल."

महिनाअखेर नाव काढलं गेलं. सूतही कमी यायला लागलं. एवाल्ड तीन मैलांवरच्या दुसऱ्या व्यापाऱ्याकडून सूत आणू लागला, पाठीवर, त्याबद्दल एक शब्द न बोलता. मंडळीत तो एकटा जायचा, शेवटच्या रांगेत बसायचा.

त्याच सुमारास पोलीस कचेरीतून बोलावणं आलं. इन्स्पेक्टर रेंच मिशा नीट राखलेला, कायद्याच्या चौकटीत चालणारा माणूस. त्यानं तिला बसायला खुर्ची दिली.

"चित्र मंजूर झालेलं आहे. तुमचं बोलणं मंजूर झालेलं नाही. काय बोलणार ते आधी लिहून द्या."

"साहेब, ते मलाच आधी माहीत नसतं. बघते आणि बोलते."

"मग पडद्यावर जे दिसतं तेवढंच बोलायचं. एक शब्द जास्त नाही. शनिवारी मी स्वतः येतोय."

शनिवारी पुन्हा तेच बर्लिनचं चित्र होतं आणि किन्टॉपमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. इन्स्पेक्टर तिसऱ्या रांगेत, वर टोक असलेलं हेल्मेट गुडघ्यावर, हातात वही-पेन्सिल. दिवे गेल्यावर त्याच्या लक्षात आलं की अंधारात लिहिता येत नाही. आल्विना नियमाने सांगत गेली. दिसलं ते, तेवढंच. शेवटी पूल आला.

"बाई पुलावर आली. कठड्याला हात लावला. खाली बघतेय. खाली पाणी आहे." आणि ती थांबली.

खोलीत फक्त यंत्राची घरघर होती. मग मधल्या बाकावरून एका धुणावळीनं विचारलं, "किती खोल आहे, डालहाउसबाई?"

"पडद्यावर दिसत नाही," आल्विना म्हणाली.

हसण्याचा लोंढाच आला. "गुडघ्याएवढं!" मिना म्हणाली. "आज रंग कोणता?" "शनिवार आहे, हिरवा असेल." "ऊठ गं बाई, गारठशील." "पलीकडे ये, आमच्याकडे इस्त्रीवाली हवीच आहे." म्हाताऱ्या बायका, पोरी, दोन-चार रंगारीसुद्धा, सगळे त्या बाईला पाण्यातून वर ओढत होते. आल्विना कापडाजवळ गप्प उभी होती. तिचे गाल ओले झाले होते, ते अंधारात कुणाला दिसलं नाही.

दिवे लागले. इन्स्पेक्टर उभा राहिला, "शांतता" म्हणाला. शांतता आधीच झाली होती. त्यानं हेल्मेट घातलं, बाकांमधून पुढे आला आणि आल्विनाला हळू आवाजात म्हणाला, "तुम्ही नियमातच बोललात."

"हो साहेब."

"प्रेक्षकांनी काय बोलावं याबद्दल माझ्याकडे नियम नाही." थोडं थांबून तो म्हणाला, "अजून तरी." आणि निघून गेला. तो नियम काही आला नाही.

बाहेर एवाल्ड खांबापाशी उभा होता. हसणं त्यानं रस्त्यापलीकडून ऐकलं होतं.

"आत काय झालं?"

"बाई वाचली."

एवाल्डने तिचा हात आपल्या कोटाच्या खिशात घेतला. "बरं झालं," तो म्हणाला.

तो धंदा मात्र फार दिवस टिकला नाही. पुढच्या दोन वर्षांत चित्रं लांबली, पडद्यावरच लिहिलेली वाक्यं यायला लागली आणि सांगणाऱ्यांची गरज सरली. पोलिगने मान खाली घालून तिला तसं सांगितलं. आल्विनाने वाद घातला नाही, फक्त शनिवारची संध्याकाळ मागून घेतली. योहान्नाच्या दोन आंधळ्या मैत्रिणी होत्या, त्यांच्या ओळखीचे आणखी चार. ज्यांना वाचता येत नव्हतं असे पोलंडकडून आलेले मजूर होते. मागच्या दोन रांगा त्यांच्या. तिथे आल्विना पुन्हा पहिल्यासारखी, कानापाशी सांगायची.

युद्ध आलं. पोलिगला आघाडीवर नेलं. एवाल्डची छाती अधू म्हणून तो राहिला. पोलिगच्या बायकोला यंत्राची भीती वाटे, तेव्हा आल्विनाने कारखाना सोडून किन्टॉप चालवायला घेतलं. फिल्म लावायला शिकली, दोनदा बोटं भाजून घेतली. नुसत्या सलगमाच्या कंदांवर काढलेल्या एका उपाशी हिवाळ्यात योहान्ना गेली. शेवटच्या आठवड्यात तिला गोष्ट हवी असायची आणि आल्विनाकडे नवीन चित्रच नव्हतं. मग तिनं मनानं रचून सांगितली. "हे चित्र मी पाहिलेलं नाही," म्हातारी म्हणाली. "मीही नाही," आल्विना म्हणाली. "चालेल. पुढे?"

१९१९ च्या जानेवारीत बायकांना पहिल्यांदा मत मिळालं. मिना आता कारखान्यातल्या बायकांची पुढारी झाली होती. ती म्हणाली, मत कसं द्यायचं हे बायकांना कुणीतरी समजावून सांगायला हवं, आणि तुमच्याशिवाय कुणाचा आवाज शेवटपर्यंत पोचत नाही.

कारखान्याच्या जेवणघरात तीनशे बायका जमल्या. आल्विना स्टुलावर चढली. इतकी वर्षं ती अंधारात बोलली होती. इथे सगळे दिवे लागलेले, आणि तीनशे चेहरे तिच्याकडे बघत होते. काळी वस्त्रं घातलेल्या विधवा, फाटक्या कोटातल्या पोरी, विणकाम थांबवलेल्या म्हाताऱ्या. तिनं पहिल्या रांगेतल्या एकीच्या हातांकडे बघितलं. ती हातमोजा काढत होती. मग आल्विनाला सांगता यायला लागलं. दार कुठे, कागद कुठला, घडी कशी घालायची, पाकिटात कसा घालायचा.

"नवऱ्याला विचारायचं का?" एकीनं विचारलं.

"विचारा की. पण आत एकेकटीनंच जायचं असतं."

"माझं वय एकोणीस आहे."

"मत विसाव्या वर्षापासून आहे. यंदा ऐकून ठेव. पुढच्या खेपेला लागेल."

प्रश्न संपेनात. दुसऱ्या दिवशी तिचा आवाज पार बसला होता. तिकीटखिडकीत ती बोटांनीच दर सांगत होती. बायका तिकीट घेऊन हलत नव्हत्या, अजून विचारत होत्या. किती वाजता, कुठल्या शाळेत, लेकराला बरोबर नेलं तर चालेल का. आल्विना पेन्सिल ओलवून तिकिटांच्या पाठीवर उत्तरं लिहून देत होती. आत चित्र दहा मिनिटं उशिरा सुरू झालं आणि त्याबद्दल कुणीही तक्रार केली नाही.